मशीनवरचा नंबर

लेक श्रुती मिसरोदला सासरी गेली, त्याच वर्षी दिगंबररावांनी आजारी बायकोसाठी, प्रमिलाबाईंसाठी, ऑक्सिजनचं मशीन घ्यायचं ठरवलं.

“अंकलजी, असली माल है,” दुकानदार म्हणाला.

“नंबर पटल्याशिवाय उचलणार नाही.” मंडीदीपच्या कारखान्यात त्यांनी जन्मभर असाच माल उतरवून घेतला होता.

एकेका आकड्यावर बोट ठेवत त्यांनी कंपनीला फोनवर नंबर वाचून दाखवला.

“नंबर खरा आहे,” पलीकडची मुलगी म्हणाली. “प्रमिलाबाईंच्या नावावर. त्यांनी गुरुवारी, चौदा तारखेला पत्ता बदललाय. तुलसी नगरहून मिसरोदला, मुलीकडे. कारण लिहिलंय, यजमान वारले.”

दुकानातल्या कॅलेंडरवर त्या दिवशी सोमवार होता, अकरा तारीख.

“मशीन नीट चालतंय ना?” दिगंबररावांनी विचारलं.

“काहीच तक्रार नाही.”

“मग बांधा,” ते दुकानदाराला म्हणाले.

दिगंबरराव गुरुवारी, चौदा तारखेला सकाळी वारले.