सामाईक फाईल

"पुन्हा जुनीच!" चिमीने टेबलावर असा हात आपटला की कप उडाला. "कोण आहे हा मेला?"

चिमी घरी बसून एक सॉफ्टवेअर सांभाळायची. रुग्णांचे तपासणी-रिपोर्ट कुलूपबंद करून दवाखान्यांना पोचवणं, एवढंच त्याचं काम. पण ते चालायला भाड्याने घेतलेल्या सर्व्हर-मशीनवरची एक फाईल लागायची, आणि ती होती त्या मशीनवरच्या सगळ्या भाडेकरूंची सामाईक. सामाईक नळासारखीच म्हणा ना, पाणी सगळ्यांचं आणि भांडण कायमचं! चिमी रोज सकाळी फाईलची नवी आवृत्ती चढवायची आणि दुपारपर्यंत कुणीतरी बहाद्दर जुनी परत आणून ठेवायचा. मग रिपोर्ट अडकायचे, दवाखान्यांचे फोन सुरू व्हायचे, आणि साहेबांची बोलणी खायची चिमीने. वैताग नुसता!

बाबा चहा घेऊन बाहेर आले. त्यांचंही तोंड उतरलेलं.

"आज पण हरलात?" चिमीने विचारलं. हृदयाचं दुखणं निघाल्यावर तिनेच हट्टाने त्यांना काम सोडायला लावलं होतं. कॉम्प्युटर बुद्धिबळापुरता, असं ठरलं होतं.

"समोरचा फार हट्टी भेटलाय गं. ते राहू दे, तुझं काय बिनसलंय?"

तिने सगळं सांगितलं. सोमवारी नोकरी पक्की व्हायची होती. ऑफिसात साहेबांखेरीज अजून कुणाला त्याचा पत्ता नव्हता. पण त्याआधी रिपोर्ट पुन्हा अडकले तर नारळ मिळेल, असं साहेबांनी स्पष्ट बजावलं होतं.

"कुठली फाईल म्हणालीस?"

तिने नाव सांगितलं. बाबांनी कपात फुंकर मारली. चहा केव्हाच गार झाला होता.

"तो जुनी का ठेवतो, ते विचारलंस कधी?"

"विचारायचंय काय त्यात? असेल एखादा खडूस म्हातारा. नवीन काही शिकायला नको यांना! मशीनवाल्याला सांगून हाकलूनच देणार होते. पण म्हटलं, त्याचंही पोट असेल."

"थांबू नकोस. कर तक्रार."

"हे तुम्ही सांगताय? कुणाच्या पोटावर पाय देऊ नये म्हणून आयुष्यभर आमचे कान किटवलेत ना?"

"पोट भरलं असेल गं त्याचं." बाबा हसले. "आधी नीट जेवून घे, मग फोन कर. मला भूक नाही." ते आत गेले आणि दार लोटून घेतलं.

चिमी जेवली आणि हात पुसत पुसतच तिने मशीनवाल्याला फोन लावला. मनात चार कडक वाक्यं तयार होती.

"मॅडम, फाईलचीच तक्रार ना? राहू द्या," तोच आधी म्हणाला. "ते काका स्वतःहूनच सोडून गेले. आत्ताच त्यांचा फोन होता."

"कोण काका?"

"शाळेचे दाखले काढायचा एक जुना प्रोग्रॅम आहे आमच्याकडे, तो बघायचे. तरुणपणी त्यांनीच लिहिलेला. नव्या फाईलवर तो उघडतच नाही हो. तेही रोज माझ्या नावाने खडे फोडायचे, कोण दिवटा माझी फाईल बदलतो म्हणून. आणि आज एकदम म्हणाले, नवीच राहू दे कायमची, माझा प्रोग्रॅम पुसून टाक."

सुंठीवाचून खोकला गेला! चिमीने खुर्चीत अंग टाकलं. कितीतरी दिवसांनी तिला मोकळा श्वास घेता आला.

"आवाज मात्र जड झाला होता त्यांचा," मशीनवाला म्हणाला. "पोटच्या पोरासारखा जपायचे तो प्रोग्रॅम."

आता मात्र चिमीला कसंसंच झालं. खडूस म्हातारा म्हणाली होती ती त्याला.

"नाव काय त्यांचं? आभार तरी मानते."

"मी आपलं काकाच म्हणायचो. थांबा, बघून सांगतो."

त्याने नाव आणि आडनाव वाचून दाखवलं. सही करताना चिमी स्वतःच्या नावापुढे तेच लिहीत आली होती.