पहिला घोट

हे लिहिणारच नव्हतो. पण चॅम्पियनच्या दोस्ताच्या कपाटात ती पाण्याची बाटली अजून सीलबंद आहे. त्या दिवशी शरीरसौष्ठव स्पर्धेच्या स्टेजमागे दोस्त चॅम्पियनच्या पाठीला रंग लावत होता. स्नायू उठून दिसावेत म्हणून चॅम्पियनने परवापासून पाणी बंद केलं होतं, नेहमीसारखंच. पण दरवर्षी घाम फुटायचा, रंग ओघळायचा आणि दोस्त शिव्या घालत पुन्हा लावायचा. आज पाठ कोरडी ठणठणीत होती. हाताखाली काळीज अडखळत धडधडत होतं. दोस्ताने बाटली पुढे केली. "एक घोट घे, गाढवा." "एका घोटात पोट सुटेल. सहा किताब घेतले, सातवा तू बुडवणार?" चॅम्पियन हसला, तेव्हा फाटलेल्या ओठांतून रक्तही आलं नाही. बाहेर नाव पुकारलं. दोस्ताने दंड धरला. "सोड रे, रंग निघेल. खाली उतरलो की पहिला घोट याच बाटलीतला, शब्द देतो."