सांजोळ कुणाचा?

गोरक्षचा हातोडा राधाकृष्णच्या खांद्यावर बसला, आणि हाड मोडल्याचा आवाज म्हाताऱ्या गहिनीनाथाला पार खडीच्या ढिगापलीकडे ऐकू आला. राधाकृष्ण त्याचा जावई. पाथर्डीकडच्या उजाड माळावर दुष्काळी कामाची खडी फोडायला आलेली माणसं भर दुपारी एकमेकांची डोकी फोडत होती. पाण्याचं पिंप केव्हाच लवंडलं होतं, पण सांडलेल्या पाण्याकडे कुणी ढुंकूनही बघत नव्हतं. भांडण पाण्याचं नव्हतंच. भांडण एका ताऱ्याचं होतं, आणि तो तारा गहिनीनाथाच्या डोक्यातून निघालेला होता.

गहिनीनाथ कामावर आला आणि लगेचच त्याचा उजवा पंजा धोंड्याखाली चेचला. बिनहाताच्या माणसाला खडीवर कोण ठेवणार? तेव्हा लोक म्हणाले, तू गोष्ट सांग, तुझ्या वाटची खडी आम्ही फोडतो. तसा रिवाजच पडला. सकाळी तो आपल्या माळावरच्या टोळीत बसे, दुपारनंतर ओढ्याकाठच्या टोळीत, जिथं त्याची एकुलती एक लेक कडूबाई दिली होती.

गोष्ट सांजोळ ताऱ्याची. तो इतका लांब, की इथून दिसतच नाही. त्याच्या भोवतीनं तांबडे आणि निळे असे दोन कुळींचे लोक आभाळगाड्यांतून हिंडतात. त्यांना ना गाव, ना शिवार. गाडीत जन्मायचं, गाडीत मरायचं. म्हणून चूल पेटवण्याआधी गाडीचं तोंड सांजोळकडे वळवायचं, आणि मेलेलं माणूस त्याच्याकडे सोडून द्यायचं. तिथं सगळे मेलेले पाय पसरून बसलेले असतात. त्यांना भूक नाही, तहान नाही. चंद्रावर माणसं उतरल्याचं रेडिओवर ऐकून जे लोक खो खो हसले होते, ते सांजोळला मात्र हसले नाहीत.

ज्याची खावी पोळी त्याची वाजवावी टाळी. माळावरचे स्वतःला तांबडे म्हणवू लागले, तेव्हा गहिनीनाथ सकाळी सांगे, सांजोळ तांबड्यांचा. दुपारनंतर तोच तारा निळ्यांचा होई, कारण ओढ्याकाठचे निळे होते. दोन्हीकडे खडी फुटत होती. कुणाचं काय बिघडत होतं?

पण त्या उन्हाळ्यात हगवणीची साथ आली. माळावरच्या गोरक्षची रांगती पोरगी गेली. ओढ्याकाठच्या छबूबाईचा तरणा मुलगा गेला. मग ऐकता ऐकता कुणी काही विचारू लागलं. लहान पोरं तिथं कुणापाशी निजतात? तिथं ऊन लागतं का? गहिनीनाथाला कळत होतं की हे आपापली मेलेली माणसं नेऊन सांजोळवर बसवतायत. कळूनही तो सांगत राहिला, आणि खरं सांगायचं तर मनातून फुगलाही.

आज पिंपापाशी राधाकृष्ण चेष्टेनं बोलून गेला. "सांजोळ निळ्यांचाच हाय. तांबड्यांच्या मढ्यांना तितं जागा न्हाई, समद्यांना माघारी हाकललं." सासऱ्यानं काल जे सांगितलं तेच तो बोलला होता. गोरक्षनं हातातला तांब्या टाकला आणि हातोडा उचलला.

बघता बघता दोन्ही टोळ्या भिडल्या. कुणाचा जबडा फुटला, कुणाच्या बरगडीत पहार गेली. खडीच्या ढिगावर रक्ताचे ओघळ उतरले. गोरक्ष राधाकृष्णच्या छातीवर गुडघा रोवून बसला. कडूबाईनं त्याचे केस धरून ओढलं, तर त्यानं तिला असं झिडकारलं की ती कपाळावर पडली. तेवढ्यात गहिनीनाथ धावत येऊन त्याच्या हाताला लोंबकळला.

"मंग तूच सांग, म्हाताऱ्या!" गोरक्ष ओरडला. "समद्यांदेखत सांग. सांजोळ कुनाचा?"

सगळे जिथल्या तिथं थांबले. हातोडे वरच राहिले. तांबड्यांचा म्हणावं तर ओढ्याकाठचे खवळून पुन्हा तुटून पडणार. निळ्यांचा म्हणावं तर वरचा हातोडा जावयाच्या टाळक्यात. दोघांचा म्हणावं तर आता ऐकणार कोण? त्यानं लेकीकडे पाहिलं. रक्ताळलेल्या कपाळानं ती मातीत बसून त्याच्याकडे बघत होती. लहानपणी एकदा ती अशीच मातीत बसून बघत होती, आणि सांजोळ त्यानं जन्मात पहिल्यांदा सांगितला तो त्या दिवशी, तिलाच.

"कुनाचाच न्हाई," तो म्हणाला. "सांजोळ इझला. तितं आता कोनी न्हाई."

"कोनीच न्हाई?" गोरक्षनं विचारलं. "बारकी पोरंबी?"

"कोनीच न्हाई."

गोरक्षचा हात खाली आला. छातीवरचा गुडघा सरकला, आणि तो खडीत तोंड खुपसून ढसाढसा रडू लागला. पलीकडे छबूबाईनं ऊर बडवून हंबरडा फोडला. मयताचा सांगावा आत्ताच यावा तशा बाया रडू लागल्या. एकमेकांच्या उरावर बसलेले गडी शेजारी शेजारी बसून डोळे पुसू लागले. म्हाताऱ्याला कुणी बोटही लावलं नाही.

गहिनीनाथाला आत कुठंतरी आनंदच झाला होता. जावई जगला. लेकीचं कुंकू राहिलं. तो लेकीजवळ गेला आणि तिला उठवायला चांगला हात पुढं केला.

कडूबाई नवऱ्याच्या खांद्याला पदर बांधत होती. तिनं बापाचा हात बाजूला सारला.

"आबा," ती म्हणाली, "मंग माझी आई कुटं गेली?"