जपायला दिलेला कन्सोल

जावयाने पुन्हा बटण दाबलं. दिवा काही लागेना.

कन्सोल सासऱ्यांनी जपायला दिला होता. घराला रंग लावायचा होता, धूळ नको म्हणून जुन्या चादरीत गुंडाळून ते स्वतःच घेऊन आले होते. चालू करायची गरज नाही, नुसता कपाटात ठेवा, असं त्यांनी बजावलंही होतं. पण याला राहवलं नाही. लहानपणी खेळलेले, आता कुठेच न मिळणारे कितीतरी गेम त्यात होते, एकेक करून डाउनलोड केलेले. कंपनीने आधी कन्सोल बनवणं बंद केलं, मग गेमचं ऑनलाइन दुकानही. आता यातून पुसले गेले की कायमचे गेले.

सासूबाईंचं ठीक होतं, त्या त्याला कधी वावगं बोलल्या नव्हत्या. पण सासऱ्यांना तोंड कसं दाखवायचं? ते रोज फोन करत. कन्सोलचं नाव काढत नसत, नुसतं "बाकी सगळं ठीक?" विचारत. हा "हो हो" म्हणे आणि घाम पुसे.

दुरुस्तीवाल्याने झाकण उघडलं. "आधी कोणी उघडला होता का? यात एक स्क्रू नाही."

"सासऱ्यांनी साफ केला असेल. गेम वाचतील ना, तेवढं सांगा."

दुरुस्तीवाला कामाला लागला. आधी हार्ड डिस्कची हुबेहूब नक्कल करून घेतली, मग जळालेला पॉवर सप्लाय बदलला आणि टीव्ही लावला. पडद्यावर गेमची चित्रं ओळीने उभी राहिली, एकही कमी नाही. जावयाचा जीव भांड्यात पडला.

रंग वाळल्यावर त्याने कन्सोल परत नेऊन दिला. झाल्या प्रकाराबद्दल अवाक्षर काढलं नाही. सासरे दारातच उभे राहिले. सासूबाईंनी चष्मा पुसला, वायरी जोडल्या, कंट्रोलर घेतला आणि कोचावर मांडी घालून बसल्या.

"आहेत बाई माझे सगळे," त्या म्हणाल्या आणि खेळायलाही लागल्या.

जावई बघतच राहिला. सासऱ्यांनी मोठा श्वास सोडला, त्याचा दंड धरला आणि त्याला हळूच स्वयंपाकघरात नेलं. त्यांचे डोळे भरून आले होते.

"जावयाला ती कधी बोलत नाही, म्हणून तुमच्याकडे दिला होता," ते कुजबुजले आणि त्याच्या हातावर त्यांनी एक स्क्रू ठेवला.