जिना न चढण्याचा दाखला

कोर्टाच्या जिन्यात गुडघा चोळत उभ्या असलेल्या बेलीफ घोडकेबाईंना मागे टाकून हुपरीकर एका ढांगेत दोन-दोन पायऱ्या चढत वर गेला. बाई पाहतच राहिल्या. त्या अटकेचं वॉरंट घेऊन त्याच्या घरी गेल्या, की हाच माणूस अंथरुणात पडून कण्हायचा!

सोसायटीच्या या माजी चेअरमनने गच्चीला स्वतःचं कुलूप ठोकलं होतं. पाण्याची टाकी वर, किल्ली याच्या खिशात; टाकी धुता येईना, आणि खालची बिऱ्हाडं गढूळ पाणी गाळून पीत होती. कुलूप काढण्याचा कोर्टाचा हुकूमही त्याने वर्षभर धाब्यावर बसवला, तेव्हा कुठे वॉरंट निघालं.

बाई धापा टाकत पोचल्या, तेव्हा वॉरंट रद्द करण्याच्या त्याच्या अर्जावर सुनावणी चालली होती. डॉक्टरचा दाखला पुढे करून हुपरीकर छातीवर हात दाबत म्हणाला, "साहेब, चार पायऱ्या चढलो तरी जीव जाईल. मला तुरुंग कसा सोसणार?"

मेल्या, नाटक कंपनीत तरी जायचंस, बाई मनात म्हणाल्या.

"मग तिसऱ्या मजल्यावर कसे आलात?" न्यायाधीशांनी विचारलं.

"लिफ्टने, साहेब."

कोर्टात खसखस पिकली. लिफ्ट दिवाळीपासून बंद होती. न्यायाधीशसुद्धा रोज घाम पुसतच खुर्चीवर बसत.

त्यांनी दाखला बाजूला सारला. "अर्ज नामंजूर. बाई, यांना घेऊन जा. आणि हो, त्याच लिफ्टने न्या."