पोशाशेटचा पंजा

शिरवण्यातली जुनी घरं पाडायच्या आधी त्यांची नोंद करायचं काम माझ्याकडे आहे. मढवींचं घर शेवटचं. मिठागरवाल्या पोशाशेट मढवींनी ते बांधलं आणि वास्तुशांतीच्या दिवशी तांदळाच्या पिठात उजवा हात बुडवून माजघराच्या भिंतीवर उमटवला. त्या दिवसाचा फोटो घरात आहे. त्यात पाचही बोटं स्पष्ट दिसतात.

भिंतीवर मात्र चारच होती. करंगळीच्या जागी नुसता चुना होता.

"मिठागरात खाडीचं पानी घ्यायच्या दारात म्हाताऱ्याचं बोट गेलं," पोशाशेटच्या नातसून प्रेमलाबाई म्हणाल्या. "त्याला घरी आनला, तवा भिंतीवरचं बी गेलेलं. पुसलं कोनी नाय."

एवढं सांगून त्या चहा टाकायला आत गेल्या.

फोटोत वस्तूचा आकार कळावा म्हणून आम्ही शेजारी मोजपट्टी धरतो. माझी पट्टी रिक्षात राहिली होती. म्हणून मी माझाच उजवा हात त्या पंज्यावर टेकवला आणि डाव्या हाताने मोबाईलवर फोटो काढला. भिंत कोरडी होती. करंगळीखाली तेवढी ओलसर लागली.

हात काढला. भिंतीवर पाच बोटं होती.

मी भिंतीकडेच बघत राहिले. मान खाली घालायचा धीर होईना.

प्रेमलाबाई चहा घेऊन आल्या. त्यांनी आधी भिंतीकडे पाहिलं, मग माझ्या हाताकडे. त्या वळसा घालून माझ्या दुसऱ्या बाजूला आल्या आणि कप पुढे केला.

"डाव्या हातानं घे, बाय."