पाऊण तास

"तुझ्या सिनेमात माणसंच नाहीत की गं!" लॅपटॉपला नाक टेकेल इतकं जवळ येत बाबा म्हणाले.

"तीच तर गंमत आहे," मी म्हटलं. महिनाभर समोरच्या इमारतीच्या गच्चीवरून माझा कॅमेरा आमच्या बसस्टॉपवर रोखलेला होता. रोज संध्याकाळी पाचला आपोआप एकच फोटो, पण त्यासाठी शटर पाऊण तास उघडं; ते सगळे फोटो जोडून हा सिनेमा. एवढ्या वेळात जे हलत राहतं ते उमटतच नाही. बस, रिक्षा, गर्दी, सगळं गायब. शहराला थांबायला वेळ नाही, एवढंच मला दाखवायचं होतं.

एक डाग मात्र पिच्छा सोडेना. स्टॉपच्या खांबाशी, रविवार सोडून प्रत्येक फोटोत. लेन्सवरची धूळ समजून मी तो पुसायला घेतला, मोठा करून पाहिला. पुसट होता, पण माणूस होता. हातात कापडी पिशवी.

साडेपाचला मी बसमधून उतरले की बाबा रोज भेटायचे. "दूध घ्यायला आलो होतो, एवढ्यात तू दिसलीस." मी काय लहान आहे का, म्हणत मी चिडून तरातरा पुढे निघायचे.

डाग मी पुसला नाही.

बाबांनी स्वतःला ओळखलं. जरा ओशाळले. मग पुन्हा पडद्यावर काहीतरी शोधत म्हणाले, "पण तूही तिथेच उतरतेस ना रोज? मग तू कशी कुठेच दिसत नाहीस?"

"मी कुठे थांबले होते, बाबा?"